वीथिनाटकांतील शृंगार आणि मध्यस्थाचें पात्र

तंजावरच्या सरस्वती महाल ग्रंथालयांतील मराठी कागदपत्रें पाहूं जाणाऱ्या संशोधकास तेलुगू यक्षगानांच्या पोथ्या पावलोपावलीं आडव्या येतात. भोसले घराण्यांतील शहाजीराजे (इ. स. १६८४–१७१२) यांच्या नांवावर अशीं वीसेक यक्षगानें आहेत. त्यांच्या आधीं नायक घराण्यांतील विजयराघव (१६३३–१६७३) यानें स्वतः तीं रचिलीं, आणि त्याच्याच दरबारांतील रंगाजम्मा या कवयित्रीनें ‘मन्नारुदासविलास’ या नाटकांत आपल्या राजाचाच प्रणय गाइला. या व अशा पोथ्यांवरून तेलुगू लोकरंगभूमीवरील शृंगाराचें स्वरूप ठरविण्याचा प्रघात पडला आहे. पोथी हातीं असते, तिचा काळ ठरवितां येतो, तींतून उतारे देतां येतात. तेव्हां हा प्रघात पडावा हें स्वाभाविकच आहे. परंतु यक्षगान हें बसून वाचावयाचें काव्य नव्हे. दरबारांत जें यक्षगान म्हणून होतें तेंच खेड्याच्या रस्त्यांत वीथिनाटक म्हणून होतें, आणि तेथें पोथीनें बोलणारीं पात्रें व पोथीवांचून बोलणारीं पात्रें शेजारीं शेजारीं उभीं असतात. आमचें म्हणणें असें कीं, तेलुगू वीथिनाटकांत शृंगार दोघांत घडत नाहीं, तिघांत घडतो. आणि त्या तिसऱ्याचें बोलणेंच पोथींत बहुधा नसतें. म्हणून केवळ पोथीवरून केलेला निवाडा, मग तो स्तुतीचा असो कीं निंदेचा, एकतर्फी ठरतो.

‘वीथि’ म्हणजे रस्ता. या खेळास रंगमंदिर नाहीं, उंच चबुतरा देखील बहुधा नाहीं. देवळापुढील मोकळी जागा, दोघांनीं दोन टोंकांस धरलेला पडदा आणि बाजूस मशाली घेऊन उभे असलेले लोक, एवढ्यावर सबंध रात्र निघते. महत्त्वाचें पात्र प्रवेश करूं लागलें म्हणजे मशालीवर राळेची पूड टाकितात. तिचा भडका उडतो व त्या उजेडांत पात्राचें तोंड प्रथम दिसतें. सूत्रधार हातांत झांज घेऊन सबंध वेळ रंगावरच असतो. तो गातो, ताल धरतो, आलेल्या पात्रास नांव-गांव विचारतो आणि प्रसंगीं स्वतःच पात्र होतो. लिखित भागांत दरुवु नांवाचीं तालबद्ध पदें, द्विपद छंदांतील कथन, कंदपद्यें आणि मधूनमधून तुटक वचनें असतात. दरुवूच्या माथ्यावर राग व ताल यांचीं नांवें घातलेलीं असतात. सोळाव्या शतकांतील कंदुकूरि रुद्रकवीचें ‘सुग्रीवविजय’ हें उपलब्ध यक्षगानांपैकीं सर्वांत जुन्यांत मोजतात. त्याचा विषय दोन भावांचें वैर व तारेचा शोक हा आहे, ही गोष्ट ध्यानांत ठेवण्यासारखी आहे. अविवाहित तरुण-तरुणींच्या गुप्त भेटींपेक्षां घरांतील माणसांचे तंटे या रंगभूमीस आरंभापासून अधिक मानवले, असें आम्हांस वाटतें.

या प्रकारांतील सर्वांत गाजलेला खेळ म्हणजे ‘भामाकलापम्’. कृष्णेच्या त्रिभुज प्रदेशांतील कुचिपुडी गांवच्या ब्राह्मण भागवतांनीं तो नांवारूपास आणिला. उत्तरेस विजयनगरम्, विशाखपट्टणम् व श्रीकाकुळम् या बाजूस ‘तूर्पु भागवतम्’ या नांवानें ब्राह्मणेतर मंडळ्याही तोच विषय मृदंगाच्या अधिक जोरकस साथीवर खेळतात. कर्तृत्व सिद्धेंद्र योग्याकडे जातें. त्याचा काळ कोणी सतराव्या शतकांत घालतात, कोणी त्याच्याही मागें नेतात. त्याची आख्यायिका अशी कीं, लहानपणीं लग्न झालेला हा पुरुष वयांत आल्यावर सासरीं निघाला असतां वाटेंत नदीस पूर आला; जीव वांचल्यास संन्यास घेईन असा नवस त्यानें केला, पैलतीरास लागला, आणि मग कृष्णाची सत्यभामा होऊन भक्ति करूं लागला. बायकोकडे निघालेला मनुष्य स्वतःच बायको होऊन परततो, ही कल्पना आख्यायिकाकारास कशीही सुचली असो, पुढील खेळास ती फार साजते.

कुचिपुडीच्या जुनेपणाविषयीं दोन दाखले नेहमीं पुढें केले जातात. एक, १६७५ च्या सुमारास गोवळकोंड्याच्या अबुल हसन तानाशहानें तें गांव या भागवतांस अग्रहार दिलें अशी परंपरा. दुसरा, कर्नल माकेंझीच्या संग्रहांतील माचुपल्लीची कैफियत. कैफियतींत म्हटलें आहे कीं, सिद्धवटमकडील संबेट गुरवराजु हा सारावसुलीसाठीं रयतेच्या बायकांस यातना देत असे. कुचिपुडीच्या नटांनीं विजयनगरास वीर नरसिंहरायापुढें त्या जुलमाचें सोंग आणिलें, आणि रायानें सैन्य पाठवून गुरवराजूस मारविलें. या प्रसंगास १५०२ हें साल देतात. पण नरस नायक १५०३ मध्यें वारला, त्यानंतर कारभार वीर नरसिंहाच्या हातीं आला, व सिंहासनावर तो १५०५ मध्यें बसला. तेव्हां तें साल आहे तसें उचलणें बरें नव्हे. घडल्या गोष्टीनंतर जवळजवळ तीन शतकांनीं गोळा झालेल्या कागदास जेवढी किंमत द्यावयाची तेवढीच यासही द्यावी. आमच्या विषयास मात्र सालापेक्षां दुसरीच गोष्ट उपयोगी आहे. ज्या बायकांस राजापर्यंत जातां येत नव्हतें त्यांचें गाऱ्हाणें या नटांनीं तेथवर नेलें. म्हणजे येथें खेळच दूत झाला. निदान गांवच्या स्मृतींत नटाचें काम हें असें मानलें गेलें होतें.

आतां भामाकलापाची कथा. ती दोन ओळींची आहे. कृष्ण व सत्यभामा आरशापुढें उभीं असतां दोघांत अधिक सुंदर कोण यावरून शब्दास शब्द लागतो. कृष्ण रागावून जातो. सत्यभामा झुरते, माधवी नांवाच्या सखीकरवीं पत्र धाडते, आणि शेवटीं कृष्ण परत येतो. यापलीकडे घटना नाहीं. एवढ्यावर रात्र कशी निघते, याचें उत्तर सत्यभामेंत नाहीं, माधवींत आहे.

सत्यभामेचा प्रवेश सर्वांच्या परिचयाचा आहे. पडद्यामागें ती उभी असते, आणि प्रेक्षकांस प्रथम तिचें तोंड दिसत नाहीं, तिची वेणी दिसते. दागिन्यांनीं मढविलेली ती लांब वेणी पडद्यावरून अलीकडे टाकितात, आणि त्याबरोबर सभेस आव्हान असतें कीं, विद्येंत मला जिंकील त्यानें ही वेणी कापावी. नायिकेचें मानीपण एका शब्दावांचून असें प्रस्थापित करणें ही मोठी नाट्यदृष्टि होय. संस्कृत नाटककारानें याला चार श्लोक खर्चिले असते. परंतु याच मानी स्त्रीस पुढच्याच प्रवेशांत नवऱ्याचें नांव उच्चारतां येत नाहीं. माधवी म्हणते, तुझ्या स्वामीस घेऊन येतें, पण तो कोण, त्याचें नांव काय? सत्यभामा लाजते, खुणा सांगते, त्याच्या पराक्रमांकडे बोट दाखविते. माधवी मुद्दाम चुकीचे अर्थ लावते, भलतींच नांवें घेते, पुन्हां पुन्हां विचारते. नवऱ्याशीं सौंदर्यावरून भांडणारी, पंडितांच्या सभेस वेणी दाखवून ललकारणारी ही बाई एका नांवाशीं अडते. या लाजण्याचा दरुवु पोथींत आहे. पण ज्या छळवादी प्रश्नांमुळें तो दरुवु रंगतो ते प्रश्न त्या त्या रात्रीचे असतात. गांव कोणतें, पुढें कोण बसलें आहे, कालची भानगड कोणती, हें पाहून माधवीचें काम करणारा ते रचितो.

आमच्याकडील वाचकांस हा प्रसंग समजावून सांगण्याची गरज नाहीं. आपल्या घरांत तो उखाण्यानें निभावला जातो. पण फरक पाहण्यासारखा आहे. उखाण्यांत नांव यमकांत लपवून घेतात, आणि तें घेतलें कीं अडथळा संपतो. नांव घ्यावयास लावणाऱ्या बायका आजूबाजूस असतात, त्यांस स्वतंत्र भूमिका नसते. भामाकलापांत तो अडथळाच नाट्याचा विषय झाला आहे, आणि आजूबाजूच्या सगळ्या बायकांची मिळून एक माधवी केलेली आहे. पति-पत्नींचा संबंध किती खोल आहे हें येथें त्यांच्या मीलनावरून कळत नाहीं. तिसऱ्याच्या देखत काय बोलवत नाहीं यावरून तें कळतें.

याहून तीक्ष्ण प्रसंग नाकांतील दागिन्याचा. पत्र पोंचविण्याची बिदागी म्हणून माधवी सत्यभामेच्या नाकांतील दागिना मागते. सत्यभामा इतर अलंकार द्यावयास तयार आहे. तो मात्र सौभाग्याचें चिन्ह म्हणून देववत नाहीं. पेंच असा कीं, नवरा परत आणावयाचा तर नवरा असल्याची खूण द्यावी लागते. एखाद्या मोठ्या कवीस हा प्रसंग सुचता तर त्यानें तो करुण केला असता. वीथिनाटकानें तो बाजारांतील घासाघिशीच्या रीतीनें हांसत हांसत नेला आहे, आणि आमच्या मतें त्यामुळेंच तो मनास अधिक लागतो. प्रेक्षकांत बसलेल्या प्रत्येक सवाष्णीच्या नाकांत तसाच कांहींतरी दागिना असतो, आणि घरांत कधींतरी तो गहाण ठेवण्याची गोष्टही निघालेली असते.

पोथींत सर्वांत जास्त जागा व्यापणारा भाग म्हणजे सत्यभामेचा विरह. चंद्रास दूषणें, मन्मथास शिव्या, वाऱ्याकडे तक्रार, अंगाचा दाह, चंदनाचा उपयोग न होणें, हा सगळा संस्कृत अलंकारशास्त्राचा जुना माल येथें ओळीनें मांडलेला आहे. रागतालांच्या दृष्टीनें त्यांत कसब असेल. काव्य म्हणून तो भाग आम्हांस सर्वांत निर्जीव वाटतो. दुर्दैवाची गोष्ट ही कीं, पोथीवरून मत बनविणारा हाच भाग वाचतो, कारण लिहिलेला आहे तोच. मग तो म्हणतो कीं, तेलुगू लोकनाट्यांतील शृंगार सांकेतिक व उसना आहे. वाचलेल्या पानांपुरता तो खोटें बोलत नाहीं.

दुसरा पक्ष भक्तीचा. त्याच्या मतें सत्यभामा हा जीवात्मा, कृष्ण परमात्मा, विरह म्हणजे अज्ञानामुळें आलेला वियोग, आणि माधवी ही मार्ग दाखविणारी गुरु. भागवत मंडळ्या स्वतःच हा अर्थ सांगतात, तेव्हां तो बाहेरून लादलेला आहे असें म्हणतां येणार नाहीं. सिद्धेंद्राची आख्यायिकाही त्यास अनुकूल आहे. परंतु वाटेंत बिदागीसाठीं अडून बसणारा आणि शिष्येच्या नाकाकडे बोट दाखविणारा गुरु कोणत्या संप्रदायांत मान्य आहे, तें आम्हांस ठाऊक नाहीं. हा अर्थ खरा धरला तरी तो दरुवूंचा अर्थ आहे, संवादांचा नव्हे. एकाच रात्रीं एकाच रंगावर दोन खेळ चाललेले असतात. लिहिलेल्या खेळांत जीव देवासाठीं झुरतो, आणि न लिहिलेल्या खेळांत एक शेजारीण दुसरीच्या संसारांत नाक खुपसते. दोहोंची एकमेकांस धग लागते, यांतच भामाकलापाची थोरवी आहे.

या दोन्ही बायका परंपरेनें पुरुषच असतात, हें विसरतां कामा नये. कुचिपुडीच्या भागवत घराण्यांतील प्रत्येक मुलानें निदान एकदां तरी सत्यभामेचें सोंग घ्यावें असा दंडक सिद्धेंद्राच्या नांवावर सांगतात. आपल्या काळांत वेदांतम् सत्यनारायण शर्मा (१९३५–२०१२) यांनीं त्या भूमिकेंत असामान्य कीर्ति मिळविली. माधवीचें काम तर बहुधा सूत्रधारच करितो: सत्यभामेपाशीं तो माधवी असतो, कृष्णापाशीं गेल्यावर माधव होतो. एकच माणूस नायिकेची मैत्रीण व नायकाचा मित्र होऊन दोहोंकडचें ऐकतो. पोषाख बदलण्याचीही त्यास फारशी गरज पडत नाहीं. मराठी वाचकास येथें तमाशांतील गवळणीची आठवण व्हावी. राधा व कृष्ण यांच्या मध्यें तेथें मावशी उभी असते, तीही पुरुषच. तिचें बोलणेंही वहींत नसतें, आणि गवळणीचें पद संपलें कीं प्रेक्षक तिचीच वाट पाहतात. दोन प्रांतांनीं हें पात्र एकमेकांपासून घेतलें असें आम्ही म्हणत नाहीं. घरांतील प्रेमाविषयीं उघडपणें बोलावयाचें असेल तर तें बोलावयास परक्याचें तोंड लागतें, ही गरज दोहोंकडे सारखीच होती. तेलंगणांतील चिंदु यक्षगानांत मात्र स्त्रियाही रंगावर येत. चिंदुल एल्लम्मा (मृत्यु २००५) हिचें नांव त्या परंपरेंत आदरानें घेतात. पुरुषानें स्त्री व्हावें या संकेतावांचूनही हा खेळ उभा राहतो, याचा तो पुरावा होय.

मध्यस्थाच्या पात्राचें सर्वांत उघडें-वाघडें रूप पाहावयाचें तर ‘तोलुबोम्मलाट’ म्हणजे चामड्याच्या बाहुल्यांचा छायाखेळ पाहावा. येथें आपला संबंध जवळचा आहे. आंध्रांतील हे बाहुलेवाले पुष्कळसे ‘आरे’ म्हणजे मराठे म्हणून ओळखले जातात. घरांत ते एक प्रकारची जुनी मराठी बोलतात आणि पडद्यावर तेलुगू. १८८५ मध्यें कडपा जिल्ह्यांतील सुरभि गांवीं ‘कीचकवध’ करून पुढें प्रसिद्धीस आलेलीं सुरभि नाटक मंडळीचीं घराणींही याच बाहुलेवाल्यांतून निघालेलीं आहेत. त्यांचें रामायण बव्हंशीं ‘रंगनाथ रामायण’ या द्विपद काव्यावर आधारलेलें असतें. पण सीतेचा शोक रंगांत आला कीं पडद्याच्या कोपऱ्यांतून शेंडीवाला जुट्टुपोलिगाडु, त्याची बायको बंगारक्क आणि तिच्यावर डोळा ठेवणारा केतिगाडु हीं बाहुलीं घुसतात. तिचें घर, त्याचा संशय, तिसऱ्याची लगट, मारामारी, आणि अत्यंत सैल भाषा, असा तो प्रकार असतो. सभ्य प्रेक्षकांनीं यास नांवें ठेवावीं यांत नवल नाहीं. परंतु रचना पाहा. वर पडद्यावर एका स्त्रीस परपुरुषानें पळविलें आहे व तिचा नवरा रानोमाळ तिला शोधीत आहे. खालीं तीच गोष्ट गल्लींतल्या माणसांत चालली आहे. रामायणांतील संशय व खेड्यांतील संशय यांच्यामध्यें केतिगाडूचें एक बाहुलें उभें असतें. हा भाग ताडपत्रावर नाहीं. तो बापाकडून मुलाकडे जातो, आणि तोही घरांत मराठीनें समजावून मग तेलुगूंत बोलावयासाठीं, ही गोष्ट भाषाभ्यासकांनीं पाहण्याजोगी आहे.

दरबारी पोथ्यांतही हें पात्र कधीं कधीं लेखणींत सांपडतें. शहाजीराजांचें ‘सतीदानशूर’ हें त्याचें उत्तम उदाहरण. मन्नारगुडीच्या उत्सवास आलेला मोरोभट्लु नांवाचा ब्राह्मण एका अस्पृश्य स्त्रीवर भुलतो. शिष्य धर्माचे दाखले देऊन त्यास आवरूं पाहतो. गुरु प्रत्येक दाखल्यास प्रतिदाखला देतो. आणि शेवटीं तिचा नवराच तिला दान करावयास सिद्ध होतो, म्हणून नाटकाचें नांव सतीदानशूर. देव प्रकट होतो तेव्हां कुठें सर्वांची सुटका होते. नायकाच्या नांवाकडे आम्ही वाचकांचें लक्ष वेधूं इच्छितों. ‘मोरो’ हें नांव तेलुगू नव्हे, आपलें आहे. त्यास ‘भट्लु’ हा तेलुगू प्रत्यय जोडलेला आहे. मराठा राजानें तेलुगू नाटकांत हास्याचा विषय म्हणून मराठी भटजी आणावा, यांत आपल्याच सभेंतील मंडळींस काढलेला चिमटा आम्हांस दिसतो. येथें शिष्य हा मध्यस्थ आहे, पण उलट्या बाजूचा: माधवी दोघांस एकत्र आणूं पाहते, शिष्य दूर ठेवूं पाहतो, आणि दोघांच्याही खटपटीनें शृंगार वाढतोच. नवऱ्याचें दान मात्र आजच्या वाचकास खटकल्यावांचून राहत नाहीं, व खटकावें. नाटकाचा सगळा गौरव देणाऱ्याकडे जातो. जिचें दान होतें तिच्या मनाचा विचार त्यांत गौण राहतो. दरबारी लेखणीनें मध्यस्थास शास्त्र शिकविलें, पण गांवच्या माधवीनें जें सहज विचारलें असतें तें त्याच्याकडून विचारविलें नाहीं.

मध्यस्थ मुळींच नसला म्हणजे काय होतें, तें ‘सारंगधर’ नाटकांत दिसतें. राजमहेंद्रीच्या राजराज नरेंद्राचा पुत्र सारंगधर. त्याचें कबूतर उडून सावत्र आई चित्रांगीच्या महालांत जातें. तें आणावयास तो एकटाच आंत जातो. ती त्याच्यावर अनुरक्त होते, तो नाकारतो, ती उलट फिर्याद करिते, आणि राजा मुलाचे हातपाय तोडवितो. वीथिनाटकांत, बाहुल्यांत व पुढें नव्या रंगभूमीवर आणि चित्रपटांत ही कथा आंध्रांत अतिशय लोकप्रिय झाली. राजमहेंद्रीस ‘सारंगधर मेट्ट’ म्हणून एक टेकडीही दाखवितात. इतिहासाच्या कसोटीवर मात्र हें टिकत नाहीं. पूर्व चालुक्य राजराज नरेंद्र (सुमारें १०२२–१०६१) याची राणी राजेंद्र चोळाची कन्या अम्मंगदेवी, आणि त्यांचा पुत्र राजेंद्र हा १०७० मध्यें कुलोत्तुंग नांवानें चोळ सिंहासनावर बसला. हातपाय तोडलेला राजपुत्र ताम्रपटांत नाहीं. कथा मूळची नाथपंथाची आहे. पंधराव्या शतकांतील गौरनाच्या ‘नवनाथचरित्र’ या द्विपद काव्यांत सारंगधर हाच चौरंगी होतो. सतराव्या शतकांत तंजावरकडील चेमकूर वेंकटकवीनें त्यावर स्वतंत्र काव्य रचिलें. आपल्याकडे शके १७४१ मध्यें पूर्ण झालेल्या मालूच्या ‘नवनाथभक्तिसारां’त कौंडिण्यपूरचा शशांगर राजा, त्याचा पुत्र कृष्णागर व सावत्र आई भुजावंती अशा नांवांनीं हीच कथा आहे, आणि गोरक्षनाथाच्या कृपेनें कृष्णागराचा चौरंगीनाथ होतो. नांवें व गांवें बदललीं, हातपाय तुटणें कायम राहिलें.

मराठी ग्रंथांत ही कथा मुख्यतः नाथाच्या सामर्थ्याची आहे. आईची वासना तें सामर्थ्य दाखविण्याचें निमित्त. तेलुगू रंगभूमीनें वजन उलटें टाकलें. तेथें महालांतील तो एकांत हाच खेळाचा गाभा झाला, आणि त्या एकांतांत दूत म्हणून आहे तें एक मुकें पांखरूं. सखी नाहीं, माधवी नाहीं, दाराशीं कान लावून बसलेली म्हातारी नाहीं. प्रधानपुत्र मित्र सावध करितो, पण तो बाहेर राहतो. ज्या रंगभूमीवर नवरा-बायकोचें भांडणही तिसऱ्यावांचून चालत नाहीं, तिच्या प्रेक्षकांस दोन माणसें एका खोलींत एकटीं बोलत आहेत हें दृश्यच अनर्थाचें वाटत असलें पाहिजे. चित्रांगीस दुष्ट ठरविण्यासाठीं कवीस फार शब्द लागले नाहींत, त्याचें कारण आम्ही हें समजतों. आणि म्हणूनच सामर्थ्यवान नटाच्या हातीं ती निव्वळ दुष्ट राहत नाहीं. वृद्ध राजास दिलेल्या तरुण स्त्रीचें मन ऐकणारें कोणी रंगावर नव्हतें, हेंही दिसतें.

छापखान्यानें या सर्वांचें काय केलें? तंजावरच्याच प्रतापसिंहाच्या (१७३९–१७६३) काळांतील मुद्दुपळनीच्या ‘राधिकासांत्वनम्’ काव्याची हकीकत प्रसिद्ध आहे. १८८७ च्या छापील आवृत्तींतून कांहीं पद्यें गाळलीं गेलीं. बंगळूर नागरत्नम्मा हिनें हस्तलिखित मिळवून १९१० मध्यें सबंध ग्रंथ छापविला. लगेच १९११ मध्यें सरकारनें त्यावर बंदी घातली, ती १९४७ मध्यें उठली. तेथें छापील पुस्तकानें जें टाकलें तें पोथीनें राखलें होतें, म्हणून दुरुस्ती झाली. वीथिनाटकांच्या बाबतींत तो उपाय नाहीं. येथें अश्लील म्हणून जें काढावयाचें तें पोथींत आधींच नव्हतें. सूत्रधारास तंबी दिली कीं काम झालें. आणि जें शुद्धिवाद्यांस साधलें नाहीं तें नव्या रंगमंचानें सहज साधलें आहे. आज भामेचा प्रवेश शहरांतील व्यासपीठावर एकटी नर्तकी दहा-पंधरा मिनिटांत करून दाखविते. वेणी आहे, दरुवु आहे, विरह आहे. पदन्यासाची सफाई पूर्वींपेक्षां अधिकच असेल. नवऱ्याचें नांव विचारणारें मात्र समोर कोणी नाहीं.

ज्या संग्राहकांजवळ आंध्र किंवा तंजावरकडून आलेलीं यक्षगानांचीं बाडें असतील त्यांस आमची विनंति आहे कीं, तीं केवळ कर्त्याचें नांव व शक पाहून बांधून ठेवूं नयेत. समासांत, दोन दरुवूंच्या मधल्या कोऱ्या जागेंत, शेवटच्या पानाच्या पाठीवर वेगळ्या शाईंत व वेगळ्या हातानें लिहिलेले तुटक शब्द असतील तर ते उतरून घ्यावे, मग ते हिशेबासारखे वा चावटपणासारखे दिसोत. सूत्रधारानें आपल्या आठवणीसाठीं टिपलेल्या प्रश्नांच्या सुरवाती तशाच दिसतात. वर सांगितलेल्या बाहुलेवाल्यांच्या घरीं वह्या असल्यास त्या कोणत्या लिपींत आहेत व त्यांत मराठी कोठें डोकावतें, एवढें जरी कोणी आम्हांस कळविलें तरी त्या माहितीस पुढील अंकांत जागा देण्यांत येईल.